कागदावर नसलेली पाववाली

त्यांच्यासमोर कागद ठेवला की ते आधी तो उलटा करत. छापलेली बाजू खाली, कोरी बाजू वर. त्यावर उजवा तळहात दाबून धरत, जसा काही तो कागद उडून जाणार आहे. मग हेडफोनचा एकच कान लावत, डोळे मिटत आणि म्हणत, "हां, लाव."

पडद्यावरची तुर्की बाई बोलून थांबली की डोळे न उघडताच सांगत, "कागदावर तसं असेल. बाय तसं बोलत नाय."

हे वाक्य मी त्या वर्षात इतक्या वेळा ऐकलं की शेवटी शेवटी कागद मीच उलटा करून ठेवू लागले.

आमचा स्टुडिओ नवीन पनवेलमध्ये, एका मिसळीच्या हॉटेलच्या वरच्या मजल्यावर. दोन खोल्या, त्यातल्या एकीला आतून गाद्या ठोकून आवाज बंद केलेला. परदेशी कार्यक्रमांना मराठी आवाज देण्याचं काम. मालक म्हणजे आमचे सर, ध्वनिमुद्रण करणारा समीर आणि इंग्रजीवरून मराठी करणारी मी. मी सुधागड तालुक्यातल्या एका वाडीतली. आमच्या घरात पदवी घेतलेली मी पहिली. वडिलांना सही करता येते, तेवढंच. त्यामुळे आमच्याकडे छापील कागद म्हणजे शेवटचा शब्द. सातबारा असो नाहीतर औषधाची चिठ्ठी, "कागदावर हाय" म्हटलं की वडील मान खाली घालायचे. मीही तीच सवय घेऊन कॉलेजात गेले आणि तीच घेऊन नोकरीला लागले.

अशात ती मालिका आली. तुर्कस्तानच्या इतिहासातल्या दुखऱ्या प्रसंगांवरचे आठ माहितीपट. ज्यांनी ते प्रसंग सोसले ती माणसं किंवा त्यांची मुलं-नातवंडं, आता म्हातारी झालेली, कॅमेऱ्यासमोर बसून बोलतात. व्हिडिओबरोबर इंग्रजी संहिता यायची. तिचं मी मराठी करायचं, आवाज देणाऱ्या कलाकारांनी ते मूळ आवाजावर बोलायचं. आमच्यापैकी कुणालाही तुर्की येत नव्हतं, आणि येण्याची गरज आहे असं वाटतही नव्हतं. कागद होता ना.

कागद उलटा करणारे ते आमच्या इमारतीचे वॉचमन होते. मूळचे उरणच्या किनाऱ्यावरचे कोळी. बायको वारल्यावर खारघरला बेलपाड्यात मुलीकडे राहायला आलेले, तिथून बसने ड्युटीवर यायचे. साठी उलटलेली, अंगाने सुके, निळा शर्ट कायम एक माप मोठा. आम्ही त्यांना काका म्हणायचो. त्याहून जास्त आम्हाला त्यांच्याबद्दल काही माहीत नव्हतं. तुमच्याही इमारतीत असा कुणीतरी असेल. आपण रोज त्याच्यासमोरून जातो आणि त्याने गेट उघडलं नाही तरच तो आपल्याला दिसतो.

एके दिवशी ते कुरिअरचं पाकीट द्यायला वर आले. स्टुडिओचं दार उघडं होतं आणि समीरने स्पीकर लावून ठेवला होता. पहिला भाग. शंभर वर्षांपूर्वी दोन देशांनी करार करून लाखो माणसांची अदलाबदल केली, यांनी तिकडे जायचं, त्यांनी इकडे, त्याबद्दलचा. एक बाई तिच्या आजीने सांगितलेलं सांगत होती. माझ्या कागदावर एक ओळ होती, 'आम्ही सगळं मागे ठेवून निघालो.'

काका दारातच थबकले.

"ती मांजरीचं सांगते," ते म्हणाले.

"काय?" समीर म्हणाला.

"मांजर. आजीनं दाराला कुलूप लावलं आनि मांजर आत ऱ्हायली. बोटीवर चढल्यावर आठवलं."

समीरने व्हिडिओ थांबवला, सर खुर्चीतून वळले. त्यांनी पाकीट टेबलावर ठेवलं, सहीचा कागद पुढे केला आणि म्हणाले, "सही करा, तो पोरगा खाली उभा हाय."

त्यांची हकीकत नंतर हप्त्याहप्त्याने कळली, कारण ते एका बैठकीत दोन वाक्यांपेक्षा जास्त स्वतःबद्दल बोलत नसत. ते मालवाहू जहाजावर भंडारी होते. जहाजावरच्या स्वयंपाक्याला भंडारी म्हणतात. तुर्कस्तानच्या एका खाडीत त्यांचं जहाज कज्ज्यात सापडलं. मालकाने हात वर केले, बंदरवाल्यांनी जहाज सोडलं नाही आणि सोळा माणसं त्या जहाजावर दोन हिवाळे अडकून पडली. शिधा संपला.

"भंडाऱ्याला शिजवायलाच काय नाय, तर भंडारी कशाला?" ते म्हणाले. "मी खाली उतरलो. धक्क्यासमोर बेकरी होती. एक बाय चालवायची. एकटी. तिला हातानं सांगितलं, मी पीठ मळतो. तिनं माजे हात बघितले, बोलली, ये."

रोज पहाटे ते तिच्याकडे पीठ मळायला जात आणि सकाळी सोळा माणसांचे पाव घेऊन जहाजावर येत. त्या गावातली माणसंही बेकरीत एकाच्या जागी दोन पाव विकत घेत आणि एक दाराजवळच्या खुंटीवर अडकवून जात. ज्याच्याकडे नाही त्याने न विचारता न्यावा. त्या सोळा जणांनी खुंटीवरचे किती खाल्ले असतील याला गणतीच नाही, असं ते म्हणत. तिला ते अब्ला म्हणायचे, म्हणजे ताई. तुर्की ते तिच्याकडून शिकले, तेही पिठात हात घालून. म्हणून त्यांच्या तुर्कीत भांडी, भाज्या, कपडे, नातीगोती, शिव्या आणि आजार एवढंच होतं. सरकार, कायदा, क्रांती यातला एक शब्द त्यांना कळत नसे.

"काका, तुमचं म्हणजे अगदी बाजारातलं तुर्की हो," समीर एकदा म्हणाला.

"मग? तुजं मराठी काय विद्यापीठातलं हाय?"

मांजरीच्या दिवशी ते जिना उतरायला लागले आणि पुन्हा वळून वर आले. सरांना म्हणाले, "सायेब, यात भूकंपाचा भाग हाय का? त्या खाडीकडचा?"

सरांनी यादी पाहिली. सहावा भाग.

"मग मी बसतो तुमच्यात. ड्युटी सुटल्यावर. फक्त सहावा आला का मला दाखवायचा."

का, ते त्यांनी मला पुढच्या आठवड्यात सांगितलं. आम्ही दोघं खालच्या हॉटेलात चहा पीत होतो. त्यांचं जहाज सुटून ते घरी आले, आणि तीन-चार महिन्यांत त्याच खाडीवर मोठा भूकंप झाला. इकडे नारळी पौर्णिमेची तयारी चालली होती, होड्यांना रंग लागत होते, आणि टीव्हीवर ते गाव दाखवत होते.

"तिचं घर वर डोंगराला होतं. बेकरी खाली, पान्याला लागून. भूकंप झाला पहाटे तीनला." ते कप फिरवत राहिले. "तीनला सगली दुनिया झोपलेली असते. बेकरीवाला नाय. तीनला भट्टी पेटलेली असते. लोक बोलत होते, देवा, आमची मानसं जागी असू दे, बाहेर पळू दे. मी बोलत होतो, देवा, आज तिला झोप लागू दे. एक दिवस पाव नाय झाले तर काय बिघडतं?"

"मग कळलं नाही?"

"फोन लावला. बूथवरनं. तीन दिवस लावला. वाजतच नव्हता."

"आणि नंतर? इतक्या वर्षांत कुणाला विचारलं नाहीत?"

"घरात चालत नव्हतं," एवढं म्हणून त्यांनी चहावाल्याला हाक मारली आणि विषय बदलला.

तर त्यांना एवढंच जाणून घ्यायचं होतं. त्या पहाटे धक्क्यासमोरची ती बेकरी उभी राहिली की नाही, आणि आत कुणी होतं की नाही.

सहावा भाग यायला अवकाश होता. तोवर आधीचे पाच भाग त्यांनी आमच्याबरोबर ऐकले. ते ज्या तऱ्हेने ऐकायचे ते मला कुठल्या पुस्तकात शिकायला मिळालं नसतं. इंग्रजीवाल्यांनी जागा वाचवण्यासाठी माणसांची बोलणी आटवून लिहिली होती. आटवताना सगळ्यात आधी वस्तू गेल्या होत्या. काका एकेक वस्तू शोधून परत जागेवर ठेवत.

पहिल्या भागातली दुसरी एक म्हातारी तिच्या आईचं सांगत होती. तिच्या तोंडी माझ्या कागदावर होतं, 'जेवायलाही वेळ मिळाला नाही.'

"ती बोलते, आयनं चुलीवर वाल ठेवले होते, मीठ घालायचं ऱ्हायलं," काका म्हणाले.

"काका, तुर्कस्तानात वाल कुठले? ते बीन्स असतील."

त्यांनी डोळे उघडले. "मग लिव बीन्स. बीन्स सोडून आलेली बाय रडंल काय?"

समीर हसून हसून खुर्चीवरून पडायचा बाकी होता. शेवटी आम्ही घेवड्यावर तडजोड केली. काकांना ती पसंत नव्हती. पुढचे दोन दिवस मला बघितलं की म्हणायचे, "काय घेवडेबाय, जेवलीस?"

तिकडे पावाला एकमेक म्हणतात हेही त्यांनीच सांगितलं आणि वर म्हणाले, "ऐकायला किती बरं वाटतं."

पण हसण्यासारखं त्या मालिकेत फार थोडं होतं. चौथा भाग लष्करी राजवटीतल्या तुरुंगांबद्दल होता. एक आई बोलत होती. मागे भिंतीवर एका तरुण मुलाचा फोटो. माझ्या कागदावर होतं, 'त्यांनी त्याचं सामान आम्हाला परत केलं.' काका ऐकत होते. त्यांचा कागदावरचा हात हळूहळू मुठीत वळला.

"सामान नाय," ते म्हणाले. "बूट. बूट दिले बोलते. आनि..." त्यांनी समीरला पुन्हा लावायला सांगितलं. "नाड्या काढून घेतलेले. नाड्या नव्हत्या. तिनं नवीन आनून ओवल्या."

मी ते लिहिलं. आमच्या गावच्या शाळेत निबंधाला चांगले गुण मिळायचे मला, मोठे मोठे शब्द घालायचे म्हणून. त्या दिवशी मला पहिल्यांदा कळलं की 'सामान' हा शब्द किती सोयीचा आहे. लिहिणाऱ्याला त्याने काहीच दुखत नाही.

पाचव्या भागात हरवलेल्या मुलांचे फोटो घेऊन चौकात बसणाऱ्या आया होत्या. तो ऐकून झाल्यावर काका घरी जाताना फक्त म्हणाले, "पुढचा सहावा."

आणि आता माझी चूक सांगायला हवी.

सहावा भाग आला तो एका सोमवारी दुपारी. काका खाली ड्युटीवर होते. मी सवयीने आधी कागद वाचला. चौथ्या पानावर वाक्य होतं. त्या गावाचं नाव होतं, आणि पुढे लिहिलं होतं की किनाऱ्यालगतची संपूर्ण वस्ती जमिनीसकट समुद्रात गेली. मी व्हिडिओ लावून पाहिला. पाण्यातून दिव्यांचे खांब वर आलेले, एका झाडाचा शेंडा, एका इमारतीचा फक्त वरचा मजला आणि त्याच्या गॅलरीत दोरीवर वाळत घातलेले कपडे. मी तो बंद केला.

संध्याकाळी काकांनी वर येऊन विचारलं, "सहावा आला?"

"अजून नाही काका."

मी हे का केलं ते तेव्हा मला फार चांगलं समजावता आलं असतं. त्यांचं वय, त्यांचा रक्तदाब, मुलीच्या घरी राहणं. आशा असली तर असू दे, आपण कोण ती काढून घेणारे. मला वाटलं मी त्यांच्यावर उपकार करते आहे. खरं असं होतं की त्यांचं तोंड बघण्याची हिंमत माझ्यात नव्हती.

बुधवारी त्यांनी विचारलं, शुक्रवारी विचारलं, पुढच्या आठवड्यात विचारलं. दर वेळी मी नाही म्हटलं. मधल्या काळात त्या भागाचं मराठी मी एकटीने उरकलं, एकही वस्तू परत न ठेवता, आणि कलाकारांना बोलावून आवाजही भरून घेतले. समीरला मी काही सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर तो खोटं बोलला असता, माझ्यासाठी. पण सांगायला तोंड नव्हतं. मग एके संध्याकाळी काका आले तेव्हा मी पाणी प्यायला आत गेले होते, आणि मला समीरचा आवाज ऐकू आला. "सहावा? काका, तो तर कधीच आला. रेकॉर्डिंगपण झालं."

मी बाहेर आले. काका माझ्या खुर्चीशेजारी उभे होते. ओरडले नाहीत.

"तू वाचलंस," ते म्हणाले.

मी मान हलवली.

"आनि कागद वाचून ठरवलंस."

"काका, मला वाटलं तुम्हाला..."

"पोरी, इतकी वर्सं मी तीनला जागा होतो. घड्याळ नाय लागत. तू मला काय नवीन दुख देनार होतीस?" मग ते बसले. कागद उलटा केला. "लाव."

समीरने लावलं. मला तिथून उठून जावंसं वाटत होतं, पण तेवढी तरी शिक्षा मी घ्यायला हवी होती, म्हणून बसले.

पाण्यातले खांब आले. काका पुढे झुकले. "हा आमचा धक्का," ते म्हणाले. "तो दिवा बगितलास, वाकडा? तो आदीपासनं वाकडा हाय." बेकरी जिथे असायला हवी तिथे पाणी होतं. त्यांनी बोट पडद्याला लावलं, नेमकं त्या पाण्यावर, आणि तसंच धरून ठेवलं. दृश्य बदललं तरी.

पुढे ढिगाऱ्यावर माणसं चढलेली. एक जण हातांचा कर्णा करून ओरडतो, 'सेसिमी दुयान वार मी?' माझ्या कागदावर तिथे कंसात फक्त 'बचावपथकाची आरडाओरड' असं होतं.

"माजा आवाज कोनाला ऐकू येतो काय, असं विचारतो तो," काका म्हणाले.

त्या ओरडण्यानंतर ढिगाऱ्यावरची सगळी माणसं थांबली. यंत्रं बंद झाली. कुणी हलत नव्हतं. खालून उत्तर येतंय का ते ऐकत होती. मी तेवढ्या जागेत निवेदनाची दोन वाक्यं घातली होती.

"इथं काय लिहू काका?"

"काय नाय. त्यांना ऐकू दे."

नंतर एक म्हातारा कोळी आला. हो, मी कोळीच म्हणते, जाळं विणत बसलेला होता. त्याच्या बोलण्यात एक चार सेकंदांचं वाक्य होतं. कागदावर ओळ होती, 'आमचे सगळे शेजारी गेले.'

काकांनी ते तीनदा ऐकलं. तिसऱ्यांदा ऐकून हेडफोन काढला, गुंडाळला आणि नीट टेबलावर ठेवला.

"शेजारी बोलला नाय तो. एकेकाचं नाव घेतो, म्हंजी धंद्याचं नाव." त्यांनी एकेक बोट दुमडत मोजलं. "च्यावाला. जाळी इकनारे दोघं भाव. पाववाली बाय."

खालच्या हॉटेलात कुणीतरी मिसळीला तर्री मागत होतं.

"धक्क्यावर बेकरी एकच होती," ते म्हणाले. माझ्याकडे बघून, मी विचारलं असतं म्हणून.

मग त्यांनी एकच गोष्ट मागितली. म्हाताऱ्याने जे म्हटलं तेच मराठीत यावं. 'शेजारी' नको.

सर तेवढ्यात आले होते. ते वाईट माणूस नाहीत, पण त्यांना मालिका पाठवणाऱ्या कंपनीला उत्तर द्यावं लागतं. ते म्हणाले, "काका, इंग्रजीत जे आहे त्याच्याशी ते लोक ताडून बघतात. आणि चार सेकंदांत एवढी यादी बसणार कशी? आहे ते छान बसलंय."

मी तोपर्यंत सरांशी कधी वाद घातला नव्हता. ज्याने पहिली नोकरी दिली त्याच्याशी वाद घालायचा नाही असं मला घरून सांगितलेलं. पण तीन आठवडे खोटं बोलल्यावर आता गप्प बसणं मला जमेना. मी म्हणाले, "सर, त्या माणसाने ज्यांचं नाव घेतलं त्यांना आपण का काढायचं? इंग्रजीवाल्यांनी काढलं, ते त्यांच्याकडे. मी कंपनीला पत्र लिहिते. काय व्हायचं ते माझ्यावर."

"बसत नाही गं," सर म्हणाले. "घे, बोलून बघ."

मी बोलून बघितलं. सहा सेकंद झाले. समीरने बोलून बघितलं, त्याची तर हजेरी घेतल्यासारखी वाटली. तेव्हा समीरच म्हणाला, "काका, तुम्ही आत जा. नुसतं वेळ मोजायला."

गाद्या ठोकलेल्या त्या खोलीत काका त्याआधी कधी गेले नव्हते. वॉचमनची टोपी काढून त्यांनी बगलेत धरली आणि माईकसमोर उभे राहिले, शाळेत कवितेला उभं केल्यासारखे. काचेतून मी हात खाली केला. ते एका श्वासात बोलले.

"च्यावाला गेला, जाळीवाले दोघं गेले, पाववाली बाय गेली. कोन ऱ्हायला नाय."

चार सेकंद. त्या म्हाताऱ्याचे ओठ मिटले तिथेच काकांचा आवाज थांबला. सरांनी एकदा ऐकलं, पुन्हा ऐकलं. त्या मालिकेतली सगळी म्हातारी माणसं शुद्ध मराठी बोलतात, तशीच आमची अट होती. सर काचेकडे बघत राहिले आणि समीरला म्हणाले, "ठेव. हाच ठेव."

तुम्ही तो सहावा भाग मराठीत पाहिलात, तर ती चार सेकंदं तुम्हाला वेगळी लागतील. बाकी त्या म्हाताऱ्याला डोंबिवलीच्या एका कसलेल्या कलाकाराचा आवाज आहे. फक्त तेवढं वाक्य वॉचमनने म्हटलेलं आहे. जगात इतर भाषांत ती मालिका कशी आहे मला माहीत नाही. पण इंग्रजीत ती पाववाली नाही, मराठीत आहे.

काका आतून बाहेर आले, टोपी घातली, म्हणाले, "जातो. बस चुकंल." जिन्यात थांबून मला म्हणाले, "पोरी, जेव वेळेवर."

सातव्या भागाला ते आले नाहीत. ड्युटीवरही नव्हते. गेटवर दुसरा माणूस आला होता. त्यांचा फोन वाजून वाजून बंद पडायचा. मला वाटलं, रागावले. रागावण्याचा त्यांना हक्क होता, म्हणून मी जास्त फोन केले नाहीत. सातवा आणि आठवा भाग आम्ही नुसत्या कागदावरून केले. सर्वत्र 'सामान', 'आप्त', 'परिसर'. काय काय गळलं असेल ते मी कान देऊन शोधायला जाई, पण समजत नसे.

महिन्याने मी बेलपाड्याला गेले. खारघरच्या उंच इमारतींच्या मध्ये ते जुनं गाव अजून आहे. विचारत विचारत घर सापडलं. दार त्यांच्या मुलीने उघडलं. तिचे डोळे त्यांच्यासारखे. मी कोण ते सांगितलं.

"बाबा गेले," ती म्हणाली. "अकरा दिवस झाले. ड्युटी सोडून घरीच बसले होते. झोपेत गेले. पहाटे मी चहा घेऊन गेले तर उठेनात."

तिने मला आत बसवलं, पाणी दिलं. आतल्या खोलीचं दार उघडं होतं. तिथल्या भिंतीवर नऊवारीतल्या एका बाईचा फोटो होता. माझी नजर गेली तशी ती म्हणाली, "आई." काकांचा अजून तयार व्हायचा होता.

थोडा वेळ ती पदराच्या टोकाशी खेळत राहिली. मग म्हणाली, "ताई, एक विचारू? बाबा तुमच्याकडे तुर्कीचंच काम करायचे ना? मला शेजारच्यांनी सांगितलं. आम्हाला घरात काही बोलले नाहीत."

"हो."

"मग तुम्हाला माहीत असेल. खरं सांगा. तिकडे त्यांची बाई होती का?"

मी पाण्याचा पेला खाली ठेवला.

"आई मरेपर्यंत तेच बोलत होती. दोन वर्षं तिकडे राहिले, भाषा शिकून आले, आल्यावर बूथवर जाऊन तीन-तीन दिवस फोन लावत होते. आईने गळ्याची शपथ घातली, त्या गावाचं नाव या घरात काढायचं नाही. त्यांनी काढलं नाही. होय पण म्हणाले नाहीत, नाही पण म्हणाले नाहीत. आई तशीच गेली."

मी तिला पावांचं सांगितलं. सोळा माणसं, दोन हिवाळे, पीठ, खुंटी, अब्ला म्हणजे ताई. पहाटे तीनचं सांगितलं. ती ऐकत होती, पण तिचा चेहरा तसाच होता, ऐकलेल्या गोष्टीवर माणसाचा जेवढा विश्वास बसतो तेवढाच. मी पुन्हा काही कागदावरचंच वाचून दाखवत असल्यासारखी.

मग मी फोन काढला. तो म्हातारा, ते जाळं. तुर्की आवाज सुरू झाला आणि त्याच्यावर काका बोलले.

तिचा हात तोंडावर गेला. "हे बाबा हायत," ती म्हणाली. तोवर ती माझ्याशी शहरातलं बोलत होती. "परत लावा."

मी परत लावलं.

"हीच का ती? पाववाली?"

"हीच."

"आनि ती पन गेली. त्याच दिवशी."

"हो."

मग तिने माझ्या हातातून फोन घेतला, उठली आणि आतल्या खोलीत गेली. आईच्या फोटोसमोर उभी राहिली आणि आवाज पूर्ण मोठा केला.